आधी लागला कोण, आधी चढला कोण

सरकारी कार्यालयात १ जानेवारीच्या स्थितीची सेवाज्येष्ठता यादी प्रसिद्ध झाली की कर्मचारी आधी स्वतःचा क्रमांक शोधतो आणि मग वरची चार-पाच नावे वाचतो. त्यांत आपल्या मागून नोकरीला लागलेल्या कुणाचे नाव दिसले तर तो थबकतो. हा वर कसा गेला? आरक्षणातून गेला असेल, तर पुढच्या पदोन्नतीतही तो आपल्या पुढेच राहणार का? इकडे वर गेलेल्यालाही काळजी असतेच. ज्या पदावर आपण इतकी वर्षे काम केले, तिथे काल आलेल्याला आपल्या डोक्यावर आणून बसवतील का?

दोन्ही प्रश्न रास्त आहेत. या प्रश्नांवर देशातल्या न्यायालयांनी साठ वर्षांहून अधिक काळ निकाल दिले आणि त्यांच्यासाठी संसदेने राज्यघटनेत दुरुस्त्या केल्या. तरीही कार्यालयात हा विषय निघाला की बोलणे चटकन जातीवर घसरते आणि यादी, बिंदू, नियम बाजूलाच राहतात. म्हणून ही सगळी व्यवस्था चालते कशी, वाद नेमका कुठे उभा राहतो आणि तो इतकी वर्षे का मिटत नाही, हे शांतपणे पाहायला हवे.

तीन नोंदी

पदोन्नती तीन वेगवेगळ्या कागदांवर उभी असते. पहिला कागद सेवाज्येष्ठता यादी. एका संवर्गातले कर्मचारी कोणत्या क्रमाने उभे आहेत, हे ती सांगते. आधी तात्पुरती यादी निघते, तिच्यावर हरकती मागवतात, त्या निकाली काढून अंतिम यादी प्रसिद्ध होते.

दुसरा कागद बिंदुनामावली, म्हणजेच कार्यालयाच्या बोलीत रोस्टर. संवर्गातले कोणते पद कोणत्या प्रवर्गाच्या वाट्याचे, हे त्यात असते. यादी माणसांची असते, बिंदुनामावली पदांची असते. हा फरक पक्का लक्षात ठेवला तर अर्धा गोंधळ तिथेच संपतो. महाराष्ट्रात ही बिंदुनामावली विभागीय आयुक्त कार्यालयातल्या मागासवर्ग कक्षाकडून तपासून घ्यावी लागते.

तिसरा कागद निवडसूची. विभागीय पदोन्नती समितीची बैठक होते. समिती रिक्त पदे मोजते, ज्येष्ठतेच्या क्रमाने विचाराधीन नावे घेते, गोपनीय अहवाल, विभागीय परीक्षा आणि चालू असलेली चौकशी तपासते, बिंदुनामावली पाहते आणि कोणाला कोणत्या पदासाठी घ्यायचे ते ठरवते.

यादीत क्रमांक वर असला म्हणजे पदोन्नती मिळालीच, असे नाही. कर्मचाऱ्याला पदोन्नतीचा हक्क नसतो, पदोन्नतीसाठी आपला विचार होण्याचा हक्क असतो. तो मात्र साधासुधा नाही. अनुच्छेद १६(१) मधला तो मूलभूत हक्क आहे, असे सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने १९९९ मध्ये स्पष्ट सांगितले.

बिंदू कसा पडतो

बिंदुनामावलीत गूढ काही नाही, साधी बेरीज आहे. केंद्र सरकारच्या नोकरीत पदोन्नतीसाठी अनुसूचित जातींना १५ टक्के आणि अनुसूचित जमातींना ७.५ टक्के वाटा आहे. म्हणजे संवर्गातल्या प्रत्येक पदामागे अनुसूचित जातींच्या खात्यात ०.१५ जमा होतात. सहा पदांपर्यंत ही बेरीज ०.९० होते, एक पद पुरे होत नाही. सातव्या पदाला ती १.०५ होते, म्हणून सातवा बिंदू अनुसूचित जातींचा. अनुसूचित जमातींच्या खात्यात दर पदाला ०.०७५ जमा होतात आणि चौदाव्या पदाला पहिले पद पुरे होते, म्हणून चौदावा बिंदू त्यांचा. चौदाव्या पदावर अनुसूचित जातींचे दुसरे पदही पुरे होत असते. पण एका बिंदूवर दोघांना बसवता येत नाही, म्हणून त्यांचा दुसरा बिंदू पंधरावा. या हिशेबाने ४० पदांच्या संवर्गात अनुसूचित जातींची ६, अनुसूचित जमातींची ३ आणि खुली ३१ पदे होतात. राज्यांच्या टक्केवाऱ्या आणि बिंदूंचा क्रम वेगळा असतो, तत्त्व हेच.

पूर्वी हे चक्र रिक्त जागांवर फिरवले जाई. जागा रिकामी झाली की पुढचा बिंदू, दुसरी झाली की त्याच्या पुढचा. पण माणसे निवृत्त होताना बिंदूंचा क्रम पाळत नाहीत. त्यामुळे चक्र फिरत राहिले की एखाद्या प्रवर्गाची माणसे ठरलेल्या वाट्यापेक्षा जास्त होत, तर कुठे कमी पडत. आर. के. सभरवाल विरुद्ध पंजाब राज्य या खटल्यात घटनापीठाने १० फेब्रुवारी १९९५ रोजी हा घोळ संपवला. आरक्षण पदांचे मोजायचे, रिक्त जागांचे नाही. सगळे बिंदू एकदा भरले की चक्र थांबते. त्यानंतर ज्या प्रवर्गाच्या बिंदूवरचा माणूस निवृत्त होईल, त्याच प्रवर्गाचा माणूस त्या जागी येईल. केंद्र सरकारने २ जुलै १९९७ च्या ज्ञापनाने पदांवर आधारित बिंदुनामावली लागू केली.

त्याच निकालात आणखी एक गोष्ट आहे, तीवरून आजही भांडणे होतात. मागास प्रवर्गातला कर्मचारी आपल्या गुणवत्तेवर किंवा ज्येष्ठतेवर खुल्या बिंदूवर आला असेल, तर त्याला आरक्षित कोट्यात मोजायचे नाही. बिंदुनामावली लिहिणाऱ्याने केवळ जात पाहून त्याला आरक्षित बिंदूवर दाखवले, तर आरक्षित वाटा भरल्यासारखा दिसतो आणि त्या प्रवर्गातल्या दुसऱ्या कुणाची तरी संधी कागदावरच नाहीशी होते. एक चुकीची नोंद पुढची वीस वर्षे यादीत फिरत राहते. उलट टोकाला, संवर्गात पदच एक असेल तर त्यावर आरक्षण ठेवता येत नाही, कारण ते शंभर टक्के आरक्षण ठरेल. हे घटनापीठाने १९९८ मध्ये चंदीगडच्या पदव्युत्तर वैद्यकीय शिक्षण संस्थेच्या खटल्यात सांगितले.

वादाचा गाभा

आता एक काल्पनिक उदाहरण घेऊ. एका विभागात लिपिक, वरिष्ठ लिपिक आणि अधीक्षक अशी चढती पदे आहेत. लिपिकांच्या यादीत पाचव्या क्रमांकावर खुल्या प्रवर्गातला ‘अ’ आहे, बाविसाव्या क्रमांकावर अनुसूचित जातीतली ‘ब’ आहे. वरिष्ठ लिपिकाच्या दोन जागा रिकाम्या होतात, एक खुल्या बिंदूची आणि एक अनुसूचित जातीच्या बिंदूची. खुली जागा पहिल्या क्रमांकाच्या कर्मचाऱ्याला मिळते. आरक्षित जागेसाठी यादीतले अनुसूचित जातीचे पहिले नाव पाहायचे. ते ‘ब’चे निघते आणि ती वरिष्ठ लिपिक होते. दोन वर्षांनी ‘अ’चा क्रम लागतो आणि तोही वरिष्ठ लिपिक होतो.

इथपर्यंत कुणाचीही तक्रार टिकणार नाही. ‘ब’ला मिळालेली जागा तिच्या प्रवर्गाच्या बिंदूची होती, ती ‘अ’च्या वाट्याची नव्हतीच. खरा प्रश्न पुढच्या पायरीवर येतो. अधीक्षकाची खुल्या बिंदूची जागा रिकामी झाली. ती वरिष्ठ लिपिकांच्या ज्येष्ठतेने भरायची आहे. आता या दोघांत ज्येष्ठ कोण?

एक उत्तर असे: वरिष्ठ लिपिक या पदावर ‘ब’ आधी आली, तिने दोन वर्षे जास्त काम केले, म्हणून तीच ज्येष्ठ. दुसरे उत्तर असे: बिंदूमुळे तिला पद लवकर मिळाले, ज्येष्ठता नाही, ‘अ’ त्याच पदावर पोहोचला की लिपिक पदावरचा मूळ क्रम परत लागू होईल आणि तो तिच्या पुढे जाईल. पहिल्या उत्तराला आनुषंगिक ज्येष्ठता म्हणतात. दुसऱ्याला कायद्याच्या चर्चेत ‘कॅच-अप’ नियम म्हणतात, म्हणजे मागे राहिलेल्याने पुढच्याला गाठण्याचा नियम.

इथे एक बारकावा आहे, तो सहसा कुणी नीट सांगत नाही. अधीक्षकाचा आरक्षित बिंदू रिकामा झाला, तर या दोन्ही नियमांत तो ‘अ’कडे जात नाही. तिथे स्पर्धा अनुसूचित जातीतल्या कर्मचाऱ्यांपुरतीच असते. झगडा आहे वरच्या पदावरच्या खुल्या बिंदूंचा. आनुषंगिक ज्येष्ठता मिळाली तर ‘ब’ खुल्या बिंदूवरही जाऊ शकते. कॅच-अप लागला तर खुल्या बिंदूंवर ‘अ’सारख्यांचा क्रम आधी लागतो आणि ‘ब’ला आरक्षित बिंदूची वाट पाहावी लागते. जितके वर जावे तितकी पदे कमी, म्हणून हा फरक तिथे फार मोठा होतो.

‘अ’ म्हणतो, मी आधी लागलो, माझे काम कुठे कमी पडले नाही, मग एका पायरीवरच्या बिंदूचा परिणाम मी निवृत्तीपर्यंत का भोगायचा? ‘ब’ म्हणते, दोन वर्षे वरच्या पदाची जबाबदारी मी पेलली, तो अनुभव कागदावरून पुसून टाकायचा असेल तर मला पद दिले तरी कशाला? आणि ज्या समाजांना पिढ्यानपिढ्या वरच्या खुर्चीजवळ येऊ दिले नाही, त्यांची माणसे खालच्या पायरीवरच थांबली तर निर्णय घेणाऱ्यांत ती कधी दिसणार? मला हे दोन्ही म्हणणे खोटे वाटत नाही. म्हणूनच याचे उत्तर आवेशात शोधून सापडत नाही.

न्यायालय आणि संसद

रंगाचारी खटल्यात १९६१ साली घटनापीठाने बहुमताने सांगितले की अनुच्छेद १६(४) खाली पदोन्नतीतही आरक्षण ठेवता येते. तो खटला दक्षिण रेल्वेचा होता. पुढे तीस वर्षे त्याच आधारावर व्यवहार चालला. १६ नोव्हेंबर १९९२ रोजी इंद्रा साहनी खटल्यात नऊ न्यायाधीशांच्या पीठाने ही वाट बंद केली. अनुच्छेद १६(४) नेमणुकीपुरता आहे, पदोन्नतीत आरक्षण नाही, चालू असलेले आरक्षण पाच वर्षे ठेवता येईल, असा तो निकाल होता. संसदेने १९९५ मध्ये ७७वी घटनादुरुस्ती केली आणि अनुच्छेद १६(४अ) आणला. सेवेत पुरेसे प्रतिनिधित्व नसेल तर अनुसूचित जाती आणि जमातींना पदोन्नतीत आरक्षण देण्याची मुभा राज्याला मिळाली.

पण ज्येष्ठतेबद्दल त्यात शब्द नव्हता आणि ती पोकळी न्यायालयांनी भरली. १० ऑक्टोबर १९९५ चा वीरपाल सिंह चौहान खटला रेल्वेच्या गार्डांचा होता. त्यांच्या क, ब, अ आणि विशेष अ अशा चार श्रेणी होत्या आणि प्रत्येक पायरीवर आरक्षण होते. तिथे न्यायालयाने कॅच-अपचा नियम मान्य केला. १ मार्च १९९६ रोजी अजित सिंह जनुजा खटल्यात तोच विचार पुढे गेला. १९९७ मध्ये जगदीश लाल खटल्यात दुसऱ्या पीठाने उलट सांगितले: वरच्या पदावरची सलग सेवा महत्त्वाची, आधी आला तो ज्येष्ठ. एकाच न्यायालयाचे दोन परस्परविरोधी निकाल हाती असताना कोणत्याही कार्यालयाने यादी कशी करावी? शेवटी १६ सप्टेंबर १९९९ रोजी अजित सिंहच्या दुसऱ्या निकालात घटनापीठाने जगदीश लालचा निकाल चुकीचा ठरवला आणि कॅच-अप कायम केला.

यावर संसदेचे उत्तर होते ८५वी घटनादुरुस्ती. अनुच्छेद १६(४अ) मध्ये ‘आनुषंगिक ज्येष्ठतेसह’ या अर्थाचे शब्द आले आणि ती दुरुस्ती मागे जाऊन १७ जून १९९५ पासून, म्हणजे ७७व्या दुरुस्तीच्या दिवसापासून, लागू झाली. त्याच्या थोडे आधी, २००० साली, ८१व्या दुरुस्तीने अनुशेषाच्या, म्हणजे आधीच्या वर्षांत न भरलेल्या राखीव, जागा त्या वर्षीच्या पन्नास टक्क्यांच्या मर्यादेत न मोजण्याची तरतूद केली आणि ८२व्या दुरुस्तीने पदोन्नतीत पात्रतेचे गुण शिथिल करण्याला वाट दिली.

तरीही घटनेत शब्द आले म्हणून ज्येष्ठता आपोआप मिळत नाही. अनुच्छेद १६(४अ) मुभा देतो. तिचा वापर करायचा तर राज्याने कायदा किंवा नियम करावा लागतो. तमिळनाडूतल्या पन्नीर सेल्वम खटल्यात २०१५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हेच सांगितले: आनुषंगिक ज्येष्ठतेची स्पष्ट तरतूद नसेल तिथे कॅच-अप लागतो. म्हणून कुणी विचारले की आज देशात कोणता नियम चालतो, तर आधी कोणते राज्य, कोणती सेवा आणि तिथले नियम काय म्हणतात, हे पाहावे लागते.

मोजा आणि मग द्या

या सगळ्या दुरुस्त्यांना आव्हान दिले गेले. १९ ऑक्टोबर २००६ रोजी एम. नागराज खटल्यात घटनापीठाने त्या वैध ठरवल्या, पण तीन गोष्टी सिद्ध करायला सांगितले. तो वर्ग मागास आहे, सेवेत त्याचे प्रतिनिधित्व अपुरे आहे आणि अनुच्छेद ३३५ मधली प्रशासनाची कार्यक्षमता यामुळे ढासळत नाही. मागासलेपण आणि अपुरे प्रतिनिधित्व यांसाठी आकडे हवेत, अंदाज चालणार नाही.

इथून पुढे खटल्यांचे रूप बदलले. आरक्षण द्यावे की नाही यापेक्षा ‘तुमची मोजणी कुठे आहे?’ हा प्रश्न पुढे आला आणि राज्ये एकामागून एक अडखळली. राजस्थानची अधिसूचना सूरजभान मीणा खटल्यात २०१० मध्ये टिकली नाही. उत्तर प्रदेशातली आनुषंगिक ज्येष्ठतेची तरतूद २७ एप्रिल २०१२ रोजी राजेश कुमार खटल्यात रद्द झाली. त्यावर आणलेले ११७वे घटनादुरुस्ती विधेयक डिसेंबर २०१२ मध्ये राज्यसभेत मंजूर झाले, लोकसभेत मात्र पार पडले नाही.

कर्नाटकाचे उदाहरण शिकण्यासारखे आहे. तिथला २००२ चा ज्येष्ठतेचा कायदा ९ फेब्रुवारी २०१७ रोजी बी. के. पवित्रा खटल्यात मोजणीअभावी रद्द झाला. सरकारने रत्नप्रभा समिती नेमली, विभागाविभागांतून आकडे गोळा केले आणि २०१८ मध्ये नवा कायदा केला. १० मे २०१९ रोजी पवित्रा खटल्याच्या दुसऱ्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने तो कायम ठेवला. गृहपाठ केला की निकाल बदलू शकतो, हे त्यातून दिसले.

२६ सप्टेंबर २०१८ रोजी जर्नेल सिंह खटल्यात घटनापीठाने नागराजमधली एक अट काढली. अनुसूचित जाती-जमातींचे मागासलेपण आकड्यांनी पुन्हा सिद्ध करण्याची गरज नाही, असे ठरले. अपुऱ्या प्रतिनिधित्वाची मोजणी मात्र राहिली आणि उन्नत गटाला, म्हणजे ‘क्रीमी लेयर’ला, वगळण्याचे तत्त्व पदोन्नतीलाही लावता येईल असे म्हटले गेले. उत्तराखंडच्या मुकेश कुमार खटल्यात ७ फेब्रुवारी २०२० रोजी सांगितले गेले की पदोन्नतीत आरक्षण द्यायला राज्य बांधील नाही. द्यायचे ठरवले तर मोजणी दाखवावी लागेल. २८ जानेवारी २०२२ रोजी जर्नेल सिंहच्याच पुढच्या निकालात मोजणीचे एकक ठरले: संवर्ग. संपूर्ण सेवा किंवा ‘गट ब’, ‘गट क’ असे गठ्ठे मोजून चालणार नाही, ज्या संवर्गात पदोन्नती द्यायची त्याच संवर्गात किती माणसे आहेत ते पाहायचे. पवित्राच्या दुसऱ्या निकालातला गटनिहाय मोजणीचा भाग त्यामुळे टिकला नाही. प्रतिनिधित्व ‘पुरेसे’ कधी म्हणायचे, याचे माप मात्र न्यायालयाने आखून दिले नाही. ते राज्यावर सोडले.

महाराष्ट्रात काय झाले

महाराष्ट्राचा आरक्षण कायदा २००१ चा, तो २९ जानेवारी २००४ पासून अमलात आला. नोकरभरतीत त्याने ५२ टक्के आरक्षण ठेवले. त्याच्या आधारे २५ मे २००४ च्या शासन निर्णयाने पदोन्नतीत ३३ टक्के आरक्षण आले: अनुसूचित जाती १३, अनुसूचित जमाती ७, विमुक्त जाती आणि भटक्या जमाती मिळून ११, विशेष मागास प्रवर्ग २. इतर मागास वर्गाचे १९ टक्के भरतीत होते, पदोन्नतीत नव्हते. इथे आणखी एक घटनात्मक प्रश्न होता. अनुच्छेद १६(४अ) मध्ये फक्त अनुसूचित जाती आणि अनुसूचित जमाती यांचाच उल्लेख आहे. भटक्या-विमुक्तांना पदोन्नतीत कोणत्या आधाराने आरक्षण द्यायचे, याचे उत्तर त्यात सापडत नाही.

प्रकरण महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे मॅटमध्ये गेले. मॅटचा निकाल २०१४ मध्ये शासनाविरुद्ध गेला आणि ४ ऑगस्ट २०१७ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने २५ मे २००४ चा शासन निर्णय रद्द ठरवला. शासन सर्वोच्च न्यायालयात गेले. २९ डिसेंबर २०१७ च्या पत्राने खुल्या बिंदूंच्या जागा भरण्याची वाट मोकळी झाली, आरक्षित बिंदूंवरची पदे रिकामी राहिली. पुढे ७ मे २०२१ च्या शासन निर्णयाने पदोन्नतीच्या सर्व रिक्त जागा, सर्वोच्च न्यायालयाच्या अंतिम निकालाच्या अधीन राहून, सेवाज्येष्ठतेने भरायचे ठरले. त्यासाठी आधार धरली २५ मे २००४ ची स्थिती. त्यानंतर नोकरीला लागलेल्यांसाठी मूळ सेवाप्रवेशाची ज्येष्ठता.

याचा कर्मचाऱ्याच्या आयुष्यावरचा अर्थ पाहा. मधल्या वर्षांत आरक्षित बिंदूवर दोन पायऱ्या चढलेल्याची पुढची ज्येष्ठता एकदम मागच्या तारखेला जाऊन बसली. ज्या पदावर तो वर्षानुवर्षे काम करत होता, तिथल्या ज्येष्ठतेला पुढच्या पदोन्नतीसाठी किंमत उरली नाही. खुल्या प्रवर्गातल्यांनीही आधी तेरा वर्षे वाट पाहिली आणि नंतरही त्यांच्या पदोन्नतीच्या आदेशावर ‘अंतिम निकालाच्या अधीन’ असे लिहिलेलेच आले. दोन्हीकडची कितीतरी माणसे या वाक्याखालीच निवृत्त झाली.

सगळेच वाद आरक्षणाचे नसतात

ज्येष्ठतेचे कितीतरी झगडे आरक्षणाशी संबंध नसताना त्याच्या नावावर खपतात. सगळ्यात जुना झगडा सरळसेवेने आलेले आणि पदोन्नतीने आलेले यांच्यातला. त्यावरचा देशभर आधार मानला जाणारा निकाल महाराष्ट्रातूनच गेला आहे. सरळसेवेच्या वर्ग दोन अभियंत्यांच्या संघटनेने राज्याविरुद्ध लढवलेल्या खटल्यात घटनापीठाने २ मे १९९० रोजी तत्त्वे घालून दिली. नियमाप्रमाणे नेमणूक झाली असेल तर ज्येष्ठता नेमणुकीच्या तारखेपासून मोजायची, कायम केल्याच्या तारखेपासून नाही. नेमणूक नियमाबाहेरची, तात्पुरत्या सोयीसाठी केलेली असेल, तर तो काळ ज्येष्ठतेत धरायचा नाही.

तदर्थ पदोन्नतीवर दहा वर्षे काढलेल्या माणसाला हे तत्त्व फार जड जाते. त्याने काम तर केलेले असते, पण पदोन्नती समितीने त्याची निवड केलेली नसते. समितीची बैठक वेळेवर झाली नाही, हा त्याचा दोष नसतो. अशा वेळी मानीव दिनांक मागितला जातो, म्हणजे ज्या दिवशी पदोन्नती मिळायला हवी होती तो दिवस ज्येष्ठतेसाठी धरावा, अशी मागणी. तो मिळाला तर यादीतली जागा सुधारते. मधल्या काळाच्या पगाराची थकबाकी मिळतेच असे नाही.

हरकत घ्यायची ती कशी

आपला क्रमांक चुकला आहे असे वाटत असेल, तर आधी चूक तिन्ही कागदांपैकी कोणत्यात आहे हे ठरवावे. सेवाप्रवेशाची तारीख, परीक्षा उत्तीर्ण झाल्याची तारीख, संवर्ग बदलाची नोंद चुकली असेल तर दोष ज्येष्ठता यादीत. आपल्याला किंवा दुसऱ्याला चुकीच्या बिंदूवर दाखवले असेल तर दोष बिंदुनामावलीत. या दोन्ही बरोबर असून डावलले गेले असेल तर प्रश्न निवडसूचीचा. हे वेगवेगळे मुद्दे एकाच अर्जात कालवले की कार्यालय त्यातल्या सगळ्यात सोप्या मुद्द्याला उत्तर देते आणि बाकीचे राहून जातात.

तात्पुरत्या यादीवर दिलेल्या मुदतीतच लेखी हरकत घ्यावी आणि पोच ठेवावी. यादी, तपासलेली बिंदुनामावली आणि समितीच्या बैठकीचे कार्यवृत्त माहितीच्या अधिकारात मागता येते. अंतिम आदेशाने समाधान झाले नाही तर राज्य कर्मचाऱ्याने मॅटकडे जायचे. तिची पीठे मुंबई, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर येथे आहेत. प्रशासकीय न्यायाधिकरण कायदा १९८५ प्रमाणे आदेशापासून एक वर्षाची मुदत असते. निवेदनाला उत्तरच आले नाही तर सहा महिने थांबून त्यापुढच्या एका वर्षात अर्ज करावा लागतो. एल. चंद्रकुमार खटल्याच्या १९९७ मधल्या निकालानंतर मॅटच्या निकालावर उच्च न्यायालयात दाद मागता येते. ज्यांचा क्रमांक आपल्या अर्जामुळे खाली जाईल त्यांना प्रतिवादी करायला विसरू नये, नाहीतर अर्ज त्याच कारणाने पडतो. उशीरही करू नये. वर्षानुवर्षे स्थिर झालेली यादी उलटी करायला न्यायालये नाखूश असतात.

करता येईल असे काम

पदोन्नतीत आरक्षण असावे असे मला मनापासून वाटते. खुर्ची जितकी वरची, तितका तिथे बसणाऱ्याचा अनुभव लोकांच्या आयुष्यावर परिणाम करतो. आदिवासी भागाचे, दलित वस्तीचे प्रश्न ठरवणाऱ्या टेबलावर त्या जगण्याची ओळख असलेले लोक असायला हवेत. आणि म्हणूनच ते आरक्षण कच्च्या कागदावर उभे असू नये असेही वाटते. ज्या ज्या वेळी न्यायालयात ते हरले, त्यातल्या बहुतेक वेळा कारण एकच होते: मोजणी नव्हती. ती करणे कर्मचाऱ्याच्या हातात नाही, ‘अ’च्या नाही आणि ‘ब’च्याही नाही. ते शासनाचे काम आहे.

हे काम अवघडही नाही. सरकारला स्वतःच्याच नोकरांची मोजणी करायची आहे, त्यांची सेवापुस्तके सरकारच्याच कपाटात आहेत. दर १ जानेवारीला ज्येष्ठता यादीबरोबर त्या संवर्गाची तपासलेली बिंदुनामावली आणि संवर्गनिहाय प्रतिनिधित्वाचा तक्ता एकत्र प्रसिद्ध झाला, पदोन्नती समितीची बैठक ठरल्या वेळी झाली, तर प्रत्येक कर्मचाऱ्याला आपल्यापुढचे नाव तिथे का आहे हे वाचून कळेल. हरकत घ्यायची असेल तर ती नोंदीवर घेता येईल, शेजारच्या टेबलावरच्या माणसावर घ्यावी लागणार नाही. आणि न्यायालयाने ‘मोजणी कुठे आहे?’ असे विचारले तर विभागाला तक्ता काढून पुढे ठेवता येईल.